सातवी त्रुटी

आमचे हे निवृत्त होऊन अकरा महिने झाले आणि पेन्शनचा एक छदाम घरात आलेला नाही. गंमत म्हणजे यांनी तेहतीस वर्षं नोकरी केली ती पेन्शन शाखेतच.

तिथे यांचा दरारा होता तो एका युक्तीमुळे. फाईलमध्ये सहा त्रुटी दिसल्या तरी एका वेळी एकच दाखवायची. ती पूर्ण होऊन आली की दुसरी. फाईल परत पाठवली की शाखेत पडून आहे असं दिसत नाही, त्यामुळे महिनाअखेरीला यांच्या टेबलावर प्रलंबित प्रकरणं शून्य. जेवताना हे मला ते ऐटीत सांगायचे आणि मीही मेली कौतुकानं ऐकायची.

आता यांच्या हृदयाची झडप बदलायची आहे. डॉक्टरांनी दोन महिन्यांची मुदत दिली आहे, आणि पेन्शनची रक्कम आल्याशिवाय ऑपरेशन होणार नाही. यांना जिने चढायची बंदी, म्हणून त्याच शाखेत, तिसऱ्या मजल्यावर, खेटे मी घालते. यांनी स्वतःची फाईल स्वतः लावली होती, पण शोधणाऱ्याला काहीतरी सापडतंच. खिडकीतली मुलगी यांच्याच हाताखाली शिकलेली. गोड हसते आणि एक कागद मागते.

"अगं, काय काय हवंय ते एकदाच सांग ना!"

"तसं चालत नाही, काकू. एक त्रुटी, एक पूर्तता. सरांनीच शिकवलंय."

खिडकीसमोरच्या बाकावर खाकी कपड्यांतले एक म्हातारे गृहस्थ रोज बसलेले असत. मांडीवर कापडी पिशवी. दुसऱ्या खेपेला ते आपणहून म्हणाले, "आता नावातल्या फरकाचं प्रतिज्ञापत्र मागतील. करूनच ठेवा, ताई." तेच मागितलं. मग म्हणाले, "आता दोघांचा एकत्र फोटो." तोही मागितला. पाच वेळा त्यांचा शब्द खरा ठरला. मला वाटलं, चला, या नरकात एक तरी माणूस भेटला.

घरी यांना सांगितलं तर यांच्या हातातला घास तसाच राहिला.

"डाव्या हाताचं बोट अर्धं होतं का त्याचं?"

"हो. ओळखता तुम्ही?"

"खात्याचा ड्रायव्हर होता. त्याची फाईल मी सहा वेळा परत केली." यांनी घास ताटात ठेवला. "चार वर्षं झाली त्याला जाऊन."

मला घाम फुटला. मग अशी चीड आली म्हणता! "सहा वेळा? आणि तो गेला त्या दिवशी जेवलात तुम्ही? झोपलात?" आजारी माणसावर ओरडले म्हणून रात्रभर माझंच मन मला खात राहिलं. सकाळी हे एवढंच म्हणाले, "माझ्या वतीनं माफी माग त्याची."

मी सहावा कागद घेऊन गेले. खिडकीत कागद दिला आणि मुद्दाम त्यांच्या शेजारी जाऊन बसले. इतके दिवस लक्षात आलं नव्हतं, बाकाची ती बाजू गार होती.

"आमच्या यांनी माफी मागितली आहे," मी म्हटलं.

"माफी कुठल्या खिडकीत जमा करायची, ताई?" ते म्हणाले. आवाजात राग नव्हता, नुसता थकवा होता.

"त्यांचं ऑपरेशन अडलंय हो. पंधरा दिवस उरलेत. सहा कागद झाले. अजून काही मागतील का? सांगा, मी आजच आणते."

त्यांनी पिशवीची घडी केली, उलगडली, पुन्हा केली.

"माझ्या वेळी सातवा मागितला होता. तो देणं माझ्याच्यानं झालं नाही. बायकोनं आणून दिला."

"कोणता?"

"माझ्या मृत्यूचा दाखला. मग मात्र आठ दिवसांत सगळं मंजूर झालं."

मी खिडकीकडे पाहिलं. मुलगी आमची फाईल चाळत होती. तिनं मान वर केली आणि गोड हसली.

"काकू, या ना. आता एकच कागद राहिलाय."

मला बाकावरून उठताच येईना.