टाकीचं सोवळं

श्रीनिवास दामले देव मानत नव्हता. सोवळं मात्र असं कडक पाळायचा की कोकणातल्या एखाद्या भटजीनेही तोंडात बोट घालावं. हे सोवळं देवाचं नव्हतं, रॉकेटला लागणाऱ्या हायड्रोजन पेरॉक्साइडच्या टाकीचं होतं. दिसायला साधं पाणी, पण त्यात धुळीचा कण पडला, हाताचं तेल लागलं, की ते आपलं आपण तापायला लागतं, आणि एकदा तापलं की कुणाच्या बापाचं ऐकत नाही. म्हणून टाकी आधी ॲसिडने धुवायची, मग गाळलेल्या पाण्याने, मग झाकून ठेवायची. अंगात धुतलेले सुती कपडे, हातात हातमोजे. त्याची बायको सुलक्षणा एकदा केसांना तेल लावून शेडवर डबा द्यायला गेली, तर त्याने तिला दारातूनच परत पाठवलं.

"माझ्या सासूने मला कधी स्वयंपाकघराबाहेर काढलं नाही," ती म्हणाली होती, "ते तुम्ही केलंत."

तो हसला होता. त्या काळात तो हसायचा.

ही शेड इंग्लंडमधल्या रीडिंगपासून तासाभरावर, युद्धानंतर ओस पडलेल्या एका विमानतळाच्या टोकाला होती. जागा एका शेतकऱ्याची. एका बाजूला त्याच्या मेंढ्या, दुसऱ्या बाजूला श्रीनिवास आणि डेरेक पर्किन्स यांचं स्वस्तातलं रॉकेट. दोघे जुने सोबती. ब्रिटिश सरकार स्वतःचं रॉकेट बनवत होतं तेव्हा दोघेही त्या कामावर होते. सरकारने एकाहत्तर साली आधी तो कार्यक्रम बंद केला आणि मग त्यातून उपग्रह सोडून दाखवला. सोयरीक मोडल्यावर साखरपुड्याचे पेढे वाटावेत, तसला प्रकार. श्रीनिवासने नंतर बारा-तेरा वर्षं एका कारखान्यात पाण्याचे पंप बनवले, पण त्याच्या मनातून ते पेढे काही गेले नाहीत. जे सरकारला परवडलं नाही ते दोन माणसं शेडमध्ये करतील, छोटे उपग्रह कमी भाड्यात वर नेतील, असं त्याने आणि डेरेकने ठरवलं आणि एक दिवस दोघांनी नोकऱ्या सोडल्या. लोकांनी वेड्यात काढलं. लोकांचं तसं फारसं चुकलं नव्हतं.

सुलक्षणा भूल देणारी डॉक्टर. घर तिच्या पगारावर चाले आणि त्याबद्दल तिने कधी एक शब्द काढला नाही. पैशाचं तिला काही वाटत नव्हतं. तिला नवरा हवा होता. संध्याकाळी घरी येणारा, समोर बसून आमटीभात खाणारा, लेकीच्या, मीनलच्या, शाळेच्या नाटकाला हजर राहणारा. मीनल नाटकं करून, शाळा संपवून ग्लासगोला शिकायला गेली, आणि बापाला ते बहुतेक टाकी धुताना कळलं. आता घरात सुलक्षणा एकटी. ड्यूटीवरून यायचं, हीटिंग लावायचं, ताट झाकून ठेवायचं आणि झोपायचं. लोकांच्या नवऱ्यांना बाया असतात, हिच्या नवऱ्याला टाकी होती. बाईशी भांडता तरी आलं असतं.

सत्त्याऐंशीच्या दसऱ्याला शेवटची चाचणी ठरली. आधीच्या दोन चाचण्यांत इंजिन काही सेकंद छान चालून बंद पडलं होतं. आता लंडनहून पैसे घालू शकणारी दोन माणसं बघायला येणार होती. मिनिटभर चाललं तर ती मंडळी पाठीशी उभी राहणार, नाही चाललं तर शेडला कुलूप. हे श्रीनिवासनेच सांगितलं.

आदल्या दिवशी खंडेनवमी. दामल्यांच्या घरी त्या दिवशी हत्यारांची पूजा. ओट्यावर पाट मांडून सुलक्षणा त्यावर तिचा स्टेथोस्कोप ठेवायची, घरातली कात्री-सुरी, आणि श्रीनिवासचे नट-बोल्ट आवळायचे पाने. श्रीनिवास दरवर्षी चहा पीत टर उडवायचा. या वर्षी त्याने पाने दिले नाहीत.

"धुऊन पिशवीत बंद केलेत. त्यांना हळद-कुंकू नको."

"दुरून अक्षता टाकते."

"दुरूनही नको."

टर मात्र उडवली नाही. उलट पूजा होईपर्यंत दारात उभा राहिला. सुलक्षणाने झेंडूऐवजी बागेतली शेवंती वाहिली, हात जोडले आणि डोळे मिटले. नवऱ्याच्या यशासाठी मागायचं, एवढंच तिला ठाऊक होतं. पण डोळे मिटल्यावर आतून आलं ते वेगळंच. होऊ दे एकदाचं बंद. नको ते रॉकेट. माझा माणूस मला घरी दे. तिला स्वतःचीच लाज वाटली, पण मागितलेलं परत घेता आलं नाही. घ्यावंसंही वाटलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी डेरेकचा फोन ऑपरेशन थिएटरच्या बाहेरच्या डेस्कवर आला. कुणाला काही झालेलं नाही, हे त्याने आधी सांगितलं. मग बाकीचं. सकाळी टाकी भरली. पाहुणे आले, कॉफी झाली. तेवढ्यात टाकीचं तापमान चढायला लागलं. आधी हळू, मग भराभर. त्यांनी पाण्याचे पाइप सोडले, सगळ्यांना भिंतीमागे नेलं. टाकी फुटली, तिने इंजिन नेलं, सांगाडा नेला, शेडचं अर्धं छप्पर नेलं. इंजिन पेटवण्याची वेळच आली नाही. पाहुणे चिखलात बसून राहिले होते आणि मेंढ्या पार पुढच्या गावात सापडल्या.

सुलक्षणाने फोन ठेवला. तिला आधी सुटल्यासारखं वाटलं. मग कालचं मागणं आठवलं.

श्रीनिवास घरी आला तो बोललाच नाही. आठवडा गेला, दुसरा गेला. तो खायचा, आंघोळ करायचा, खिडकीपाशी बसायचा. मीनलने फोनवर विचारलं, "आई, बाबाचं रॉकेट आता परत नाही होणार?" सुलक्षणा म्हणाली, "नाही गं." श्रीनिवासने ते ऐकलं आणि मान फिरवली. त्या महिन्यात मोठं वादळ झालं, सगळ्या परिसरातली झाडं पडली. उरलेली शेडही त्यात झोपली. शेतकऱ्याने निरोप धाडला, सामान न्या.

म्हणून एका शनिवारी दोघं तिथे गेली. डेरेक पत्रे व्हॅनमध्ये भरत होता. श्रीनिवास टाकीचा एक तुकडा हातात घेऊन काँक्रीटवर बसला. सुलक्षणा शेजारी बसली. आता तेल लावलेल्या केसांनी कुठेही बसायला मोकळीक होती.

"डेरेक म्हणतो व्हॉल्व्ह खराब आला असेल," ती म्हणाली.

"व्हॉल्व्ह नव्हता. मी होतो."

पेशंट बोलू लागला की मध्ये बोलायचं नाही, ही तिची जुनी सवय.

"तुझ्या पूजेतलं कुंकू मी घेतलं. कागदात बांधून. टाकी भरायच्या आधी डेरेक पंपाकडे गेला होता. म्हटलं, एक बोट लावू. बाहेरून, तोंडाच्या कडेला. हातमोजा घालून कुणी कुंकू लावतं का? म्हणून हातमोजा काढला. लावलं, हात जोडले, हातमोजा परत घातला आणि झाकण बसवलं. तेवढ्यात कडेचं थोडं आत पडलं असणार." त्याने तुकडा उलटा केला. "कुंकवात हळद असते आणि चुना. पेरॉक्साइडला चुना म्हणजे विष. पहिल्या वर्षाच्या पोरालाही हे मी शिकवलं असतं."

"तुम्ही? तुम्ही हात जोडलेत?"

"सगळं करून झालं होतं गं. धुऊन झालं होतं, मोजून झालं होतं. भीती वाटत होती. तू डोळे मिटून एवढं मनापासून मागत होतीस, मी दारातून बघत होतो. वाटलं, ही इतकं मागतेय माझ्यासाठी, आपण कशाला आडमुठेपणा करायचा?" तो हसला, पण ते हसणं बघवत नव्हतं. "नास्तिक होतो तोवर इंजिन चालत होतं."

सुलक्षणाने त्याचा हात धरला. सांगू नये, असं तिला डॉक्टर म्हणून कळत होतं. रोज कुणाला काय सांगायचं नाही हे ठरवण्यात तिची हयात गेली होती. पण हा माणूस आता ते मागणं उराशी धरून जगणार होता, आणि ते मागणं खोटं होतं.

"मी तुमच्यासाठी नव्हतं मागितलं," ती म्हणाली. "हे सगळं बंद पडू दे म्हणून मागितलं. मला तुम्ही घरी हवे होतात."

व्हॅनमध्ये पत्रा आदळला. डेरेकने लांबूनच सॉरी म्हटलं. श्रीनिवास तिच्याकडे बघत होता. त्याने ओरडावं, निदान हात तरी सोडवून घ्यावा, असं तिला वाटत होतं. ओरडला असता तर तो अजून आत कुठेतरी आहे हे तरी कळलं असतं.

"मागण्याने काही होत नाही," तो म्हणाला. "चुना होता तो. केमिस्ट्री आहे." मास्तरने मठ्ठ विद्यार्थिनीला समजावावं इतक्या शांतपणे म्हणाला, आणि टाकीचा तुकडा खाली ठेवला.

"रागवा ना माझ्यावर."

"कशाला?"

"कशालाही. काहीतरी बोला."

तो विचार करत राहिला. खरंच आठवून बघत होता, काय बोलायचं असतं ते. मग उठून त्याने पँटची माती झटकली आणि तिला उठायला हात दिला. गेल्या कित्येक वर्षांत त्याने असा हात दिला नव्हता.

"सोमवारी तुझी ड्यूटी किती वाजता?" त्याने विचारलं. "मी सोडायला येतो. न्यायलाही येईन. मला आता काही काम नाही."