शेषरावांच्या वहीतली लाल रेघ

इकडे-तिकडे काय बघता? जरा खाली बघा, त्या प्रिंटरच्या बुडाशी. टेबल वाकडं म्हणून त्याच्या एका कोपऱ्याखाली जिला कोंबलीय ना, ती मी. शेषरावांची वही बोलतेय.

पूर्वी माझे असे हाल नव्हते हो! अमरावतीच्या या डोळ्यांच्या दवाखान्यात शेषराव रेकॉर्डचे कारकून होते. डॉक्टरांनी एकदा त्यांच्यासमोर इंग्रजीतलं जाडजूड पुस्तक आणून ठेवलं. जगातल्या प्रत्येक आजाराला त्यात एक कोड दिलेला. कोड म्हटलं की आपल्याकडे लोक अंगावरचे पांढरे डाग शोधतात. तसलं नव्हे, हा आपला खुणेचा आकडा. म्हातारपणाचा मोतीबिंदू म्हणजे एच पंचवीस, काचबिंदू म्हणजे एच चाळीस. शेषरावांनी बाजारातून मला आणलं, निळ्या कापडी पुठ्ठ्याची लांबोडकी वही, आणि रोज दुपारी थोडं थोडं करत डोळ्यांचं अख्खं प्रकरण माझ्यात उतरवलं.

नुसते आकडे असते तर मी कोरडीच राहिले असते. शेषरावांनी प्रत्येक कोडाशेजारी रोगी काय म्हणतो तेही लिहिलं. 'धुई पडल्यावानी दिसते.' 'डोयात वाळू खुपते.' एच चाळीसपुढे लिहिलं, 'दिव्याभोवती रंगीत कडं दिसते,' आणि त्याखाली लाल पेन्सिलीनं जाड रेघ ओढली. मोतीबिंदू चार महिने वाट पाहतो, काचबिंदू पाहत नाही. तो गुपचूप नजर खातो, आणि गेलेली नजर परत येत नाही. म्हणून ती रेघ.

मग शेषरावांच्या हाताखाली काम शिकायला गजाला आली. अचलपूरहून एसटीनं यायची, सुरुवातीला फार घाबरायची. शेषराव तिला समजावायचे, "डॉक्टर डोया पाहते, आपण कागद पाहतो. कोड चुकला तं माणूस चुकीच्या रांगेत जाऊन बसते, बेटा." तिनं मला इतकं चाळलं की माझे कोपरे मऊ पडले. तिच्या डब्यातल्या लोणच्याचा डाग अजून माझ्या एका पानावर आहे. मला तो फार आवडतो, खोटं कशाला बोलू? ते दिवसच तसे होते. एक वही, दोन माणसं आणि कपात ओतलेला अर्धा-अर्धा चहा.

शेषराव निवृत्त झाले आणि गजाला त्यांच्या खुर्चीवर बसली. त्या वर्षी ऑक्टोबरात नांदगाव खंडेश्वरला शिबिर झालं. डॉक्टरांनी तपासून प्रत्येकाचा कागद लिहिला, गजालानं त्यावरून यादी केली. पहिलं नाव, मोतीबिंदू, एच पंचवीस. दुसरंही तेच, तिसरंही तेच. मग तिच्या हाताला सवय लागली. कोडाच्या जागी दोन छोट्या रेघा, म्हणजे वरीलप्रमाणे. थेट खालपर्यंत! सगळ्यांना ऑपरेशनसाठी दवाखान्याच्या गाडीनं यायची जानेवारीची तारीख मिळाली, कापसाची वेचणी आटोपल्यावरची. मी तिच्या कोपराखाली मिटून पडले होते. वहीला कुठे ओरडता येतं?

तीन आठवड्यांनी शेषराव स्वतःचा चष्मा तपासायला आले आणि चहाला आत डोकावले. जुनी खोड! त्यांनी यादी ओढली आणि भुवया वर केल्या.

"काहून वं गजाला, पूर्ण गाडीले एकच बिमारी?"

"मोतीबिंदूचाच कॅम्प होता ना, काका," ती हसली. मग तिचं हसू थांबलं. दोघांनी गठ्ठा सोडला आणि एकेक कागद वाचायला घेतला. चाळीस कागद बरोबर निघाले. एक्केचाळीसावा मैनाबाईंचा. डॉक्टरांनी लिहिलं होतं, काचबिंदू, उजवा डोळा गेलेला, डाव्यासाठी तातडीनं बोलवा.

"या अल्लाह," गजालानं तो कागद पुन्हा वाचला. "एकच डोया राहिला तिले, अन् मी रेघा मारत बसली."

फोन कुणी उचलेना. दुसऱ्या दिवशी पहिल्या एसटीनं ती गेली. पुढचं मैनाबाईंनीच नंतर इथं बसून सांगितलं. त्या वावरात कापूस वेचत होत्या. म्हणाल्या, "कागदावर जानेवारी लिवलं हाय ना, माय."

"तो कागद मीच चुकवला, मावशी. माही चूक हाय. आता चाला माह्यासंगं." चारचौघींसमोर तिनं कबूल केलं, याचं मला आजही कौतुक वाटतं.

थोडी नजर गेली होती, ती गेलीच. उरलेली मात्र वाचली. तेव्हापासून मैनाबाई दर सहा महिन्यांनी तपासणीला येतात आणि आल्या आल्या गजालाच्या ओढणीचा रंग सांगतात. गजाला त्या दिवशी मुद्दाम वेगळी ओढणी घालते.

पुढे शेषराव गेले, संगणक आला आणि मी प्रिंटरखाली गेले. मागच्या आठवड्यात गजालाचा नोकरीतला शेवटचा दिवस होता. तिच्या जागी आलेला अमोल नव्या शिबिराची यादी भरत होता. त्यानं पहिल्या नावापुढे कोड टाकला आणि माऊसनं तोच कोड खालपर्यंत ओढायला घेतला.

"पाहा मॅडम, एका मिनिटात पूर्ण गाव!"

"काहून रे अमोल, पूर्ण गाडीले एकच बिमारी?"

"मोतीबिंदूचाच कॅम्प होता ना, मॅडम."

अगं बाई, तेच उत्तर! माझी शिवण न् शिवण थरथरली. तपासणीला आलेल्या मैनाबाई तिथंच स्टुलावर होत्या. म्हणाल्या, "आज जांभळी हाय." मग अमोलकडे वळल्या. "अन् बाबू, तुया सदऱ्याची दुसरी गुंडी तुटली हाय. लावून घेजो."

अमोलचा हात गळ्याशी गेला. गजाला म्हणाली, "या मावशी माह्या यादीत एक्केचाळीसाव्या होत्या." आणि तिनं त्याला सगळं सांगितलं, स्वतःची चूक आधी.

अमोलनं माऊस सोडला. कागदांचा गठ्ठा जवळ ओढला, मलाही बाहेर काढलं. प्रिंटर डुगडुगला तर डुगडुगू दे! त्याचं बोट एच चाळीसवर थांबलं.

"ही लाल रेघ कशाची, मॅडम?"

किती वर्षांनी कुणी तरी विचारलं हो! मला भरून आलं. काम झाल्यावर मी परत प्रिंटरखाली आलेय, आणि माझी काही तक्रार नाही. एवढंच मागणं आहे, शेवटच्या नावाचाही कागद उघडून वाचा. तिथं कुणी तरी एकाच डोळ्यानं तुमची वाट पाहत असेल.