दाराशेजारचा तिरका खांब

मित्रांनो, मी एक जुना खांब आहे, ओकच्या लाकडाचा. जर्मनीतल्या एका शेतात, खांबांच्या मोठ्या गोल कुंपणात उभा आहे. माझं वय विचाराल तर पंचाईत होते. मला इथे रोवून वीसेक वर्षं झाली. पण माझ्याच खड्ड्यात सात हजार वर्षांपूर्वी दुसरा खांब होता. तो कुजला, मातीत काळा डाग उरला. संशोधकांनी डाग ओळखला आणि तिथेच मला उभं केलं. दुसऱ्याच्या जागी उभं राहायचं म्हणजे जीव जरा अवघडतोच.

त्या काळच्या शेतकऱ्यांकडे ना घड्याळ, ना कॅलेंडर. हिवाळा लांबला की सूर्य परत येतोय की नाही, हीच धाकधूक. म्हणून त्यांनी कुंपणाला असं दार ठेवलं, की वर्षातल्या सर्वांत लहान दिवशी मधोमध उभं राहिलं तर सूर्य त्या दारातच उगवतो. तिथून तो मागे फिरतो. मी त्या दाराच्या डावीकडचा. डिसेंबरात गर्दी होते, सगळे दाराकडे बघतात. माझ्याकडे कोण बघणार?

यंदा बघितलं, ते इथली देखभाल करणाऱ्या लिंडनरबाईंनी. बर्फापावसाने मी कललो होतो, शेजाऱ्यात आणि माझ्यात फट पडली होती. बाईंनी माझ्यावर लाल फुली मारली. फुली म्हणजे करवत. तेव्हापासून रस्त्यावर गाडी वाजली की माझ्या गाठीगाठीतून कळ जाते.

जानेवारीत एका सकाळी, उजाडायच्या आत, गाडी आलीच. उतरले मात्र वोल्फ्सबुर्गच्या मोटार कारखान्यातले इंजिनियर चारुदत्त, त्यांची मुलगी दिया आणि पुण्याहून आलेल्या ऊर्मिलाआजी. आजींच्या हातात पाण्याचा तांब्या. परतीचं विमान जवळ आलं होतं; त्याआधी त्यांना इथल्या सूर्याला अर्घ्य द्यायचं होतं.

"आई, आज संक्रांत. उत्तरायण सुरू! सूर्य बरोब्बर दारात येणार," चारुदत्त म्हणाले.

त्यांच्यासाठी लवकर आलेल्या लिंडनरबाई जर्मनमध्ये काहीतरी बोलल्या. दिया खुदकन हसली. "बाबा, ती म्हणते, सूर्य डिसेंबरमध्येच वळला. आपण लेट!"

"वा रे इंजिनियर," आजी म्हणाल्या. "गाड्या तरी वेळेवर सोडता ना?"

आभाळ तांबूस झालं. दार रिकामंच. आजी तांब्या धरून उभ्याच होत्या. चारुदत्त बुटाने माती उकरत राहिले.

"दा! आजी, दा! तिकडे बघ!" घाईत दिया जर्मनमध्येच ओरडली.

सूर्य आला होता. दारात नाही, माझ्या फटीत.

आजींनी अर्घ्य दिलं. मग हळूहळू चालत आल्या आणि माझ्यावर हात ठेवला. "ही फुली कसली गं?" त्यांनी दियाला विचारलं.

दियाने बाईंना विचारून सांगितलं, "तिरका झालाय ना. काढणारेत."

"तिरका झालाय, मेला नाहीये! मी वाकले म्हणून मला काढलंत का? टेकू द्या म्हणावं."

दियाने ते जर्मनमध्ये सांगितलं. लिंडनरबाईंनी वाकून फटीला डोळा लावला. "या..." म्हणजे 'हो', एवढंच म्हणाल्या. आजींनी लगेच त्यांच्या तोंडात तिळगूळ घातला.

पुढे एका दुपारी खरंच करवत आली. ती सुरू झाली, तसा मी मुळापासून थरथरलो, मुळं नसताना. पण ती चालली दुसऱ्याच ओंडक्यावर. त्याचा टेकू झाला.

मित्रांनो, कललेलं काही दिसलं, तर फुली मारण्याआधी एकदा हात लावून बघा. कदाचित टेकूवर भागेल. माझी फट त्यांनी तशीच ठेवली आहे. पुढच्या संक्रांतीला सूर्य तिच्यात येईल, त्याची मला खात्री आहे. आजींचं तसं सांगता येत नाही. म्हणून गाडी वाजली की कळ अजूनही जाते. फक्त आता आजी आल्या का, म्हणून मी दाराकडे बघतो.