कोलमन डिग्नन दारात येतो

कोलमन डिग्ननचा चेहरा जन्मापासूनच लांब होता. बाप्तिस्म्याच्या दिवशी फादरनी त्याच्याकडे निरखून पाहिलं आणि आईला विचारलं, "बाळाला बरं नाहीये का?"

"बरंय की," आई म्हणाली. "असाच आहे तो."

असाच राहिला. किलनारा हे पश्चिम किनाऱ्यावरचं लहानसं बंदर. तिथल्या एकुलत्या एका कापडदुकानात कोलमन कामाला लागला तेव्हा मालकाने त्याला पडद्यांच्या रंगीत कापडापाशी उभं केलं. आठवडाभर एक पडदा खपला नाही. मग त्याला दुखवट्याच्या काळ्या कापडाकडे हलवलं, तर बायका लागतं त्याहून वारभर जास्तच नेऊ लागल्या. मालकाने त्याला तिथून पुन्हा हलवलं नाही.

दर हिवाळ्यात चर्चच्या हॉलमध्ये गावकऱ्यांचं नाटक व्हायचं. एका वर्षी त्यात शेजाऱ्याचं एक बारीकसं काम होतं. दुसऱ्या अंकात दारात यायचं, टोपी काढायची, "बाई, बातमी चांगली नाही," म्हणायचं आणि जायचं. कोलमनने ते केलं. पहिल्या रांगेतल्या दोन म्हाताऱ्यांनी छातीवर क्रूसाची खूण केली आणि तिसरी, घरी सगळे ठीक आहेत ना ते बघायला, उठून गेली. गाडीचा आस तुटल्यामुळे गावात अडकून पडलेला एका फिरत्या नाटक कंपनीचा मालक मागे उभा राहून हे बघत होता. नाटक संपल्यावर तो कोलमनला भेटला.

"हे तोंड तुझं स्वतःचं?"

"हो."

"मग घेऊन चल ते डब्लिनला."

डब्लिनच्या नाटकघरांतून कोलमनने तीस-एक वर्षं काढली. पोलिस झाला, पोस्टमन झाला, वकिलाचा कारकून झाला, धर्मगुरू तर किती वेळा झाला याची त्यालाच आठवण नव्हती. वेश बदलायचा, काम तेच. दारात यायचं, टोपी काढायची, कोणाचा तरी नवरा किंवा मुलगा गेल्याचं सांगायचं आणि बाहेर पडायचं. पुढचं रडणं दुसऱ्यांच्या वाट्याचं. ते रंगात येईपर्यंत कोलमन मागच्या खोलीत बूट सोडत असायचा आणि नाटक संपायच्या आत घरच्या बसमध्ये बसलेला असायचा. शेवटच्या टाळ्यांना थांबायचं असं त्याला कोणी कधी सांगितलं नाही, आणि त्यानेही विचारलं नाही.

डब्लिनजवळच्या विकलोच्या डोंगरात एक अमेरिकन कंपनी सिनेमा काढायला आली तेव्हा त्यांनीही त्यालाच बोलावलं. घोड्यावरून येऊन बातमी द्यायची होती. घोड्याला त्याचं तोंड पसंत पडलं नाही, म्हणून तो चालत आला. पुढे सिनेमा लागला तेव्हा पडद्यावर चेहरा कोलमनचा होता आणि आवाज शिकागोच्या कोणा माणसाचा. कोलमनचा आवाज पुरेसा आयरिश वाटत नाही, असं कंपनीचं म्हणणं पडलं.

लग्नाचं विचारायला तो अट्रॅक्टाच्या घरी गेला, तेव्हा दार तिच्या आईने उघडलं होतं. त्याला बघून ती जिन्याच्या पायरीवर मटकन बसली.

"कोण गेलं?"

"कोणी नाही. मी अट्रॅक्टाला मागणी घालायला आलोय."

आई कठडा धरून उठली. मग म्हणाली, "आता देवाची इच्छा."

टीव्ही आल्यावर एका गावाची मालिका सुरू झाली आणि तिच्यात कोलमनला पोलिस सार्जंटचं काम मिळालं. दर पाच-सहा भागांनी तो कोणाच्या तरी दारात जायचा. सगळा देश त्याला ओळखू लागला. कॉर्क शहरात एकदा त्याने पत्ता विचारायला एक दार वाजवलं, तर आतल्या बाईच्या हातून परातभर बटाटे जमिनीवर गेले. त्याने ते गोळा करून दिले. पत्ता तिला माहीत नव्हता.

फक्त किलनाऱ्यात त्याला कोणी भ्यायचं नाही. मालिकेला सुट्टी लागली की उन्हाळ्यात तो आणि अट्रॅक्टा तिथल्या जुन्या घरी यायचे, आणि गावात फादर त्याला हॉलच्या छपरासाठी मदत मागायला दारोदार पाठवायचे. तिथे कोलमन दारात उभा म्हणजे छप्पर गळतंय, एवढाच त्याचा अर्थ.

अशाच एका जुलैमध्ये, दुपारचं जेवण उरकून कोलमन भांडी विसळत असताना दार वाजलं. बाहेर सार्जंट हॅल्पिन होता, मालिकेतला नव्हे, खरा. जाडजूड, लालबुंद, तीन वर्षांमागे देशाच्या मधल्या भागातून बदलून आलेला. त्याने टोपी काढली.

अट्रॅक्टा सकाळच्या बसने बहिणीकडे गेली होती. घाटातला रस्ता अरुंद होता आणि तो बसवाला कसा हाकतो ते सगळ्या गावाला ठाऊक होतं. एरवी दुसरा कोणी टोपी कशी काढतो याकडे कोलमन कसबी नजरेने बघायचा. आत्ता त्याला एवढंच वाटलं, की या माणसाने तोंड उघडू नये.

"अट्रॅक्टा?" तो म्हणाला.

"काय? छे, छे! त्या ठीक असतील, मला काय माहीत. मी दुसऱ्याच कामाने आलोय."

"मग आधी ती टोपी घाल डोक्यावर."

हॅल्पिनने घातली. मग त्याने सांगितलं. विनी लॅव्हेलचा मुलगा फर्गल सकाळी समुद्रातले शेवंडी पकडायचे पिंजरे उचलायला गेला होता. होडी पालथी सापडली आणि तासाभराने, खडकांच्या पलीकडे, फर्गलही सापडला. डॉक्टरांनी बघितलं. करण्यासारखं काही उरलं नव्हतं. विनीला अजून कळलेलं नव्हतं.

"फादरांना ने."

"फादर लूर्दच्या यात्रेला गेलेत. म्हणून म्हटलं, तुम्ही याल का? तुम्ही हे इतक्या वेळा केलंय."

"ते खोटं होतं, हॅल्पिन."

"असेना. मी खोटंही केलेलं नाही. आमच्या तिकडे समुद्र नाही. माणसं बिछान्यात मरतात, घरच्यांच्या डोळ्यांदेखत. जाऊन सांगावं लागत नाही कोणाला."

कोलमनने हात पुसले, कोट चढवला, टोपी घातली. विनीच्या फाटकाशी हॅल्पिन थांबला आणि तिथल्या कुंपणाकडे, जणू ते पहिल्यांदाच बघतोय, असा बघत राहिला. कोलमन एकटाच पुढे झाला.

विनी सत्तरीची, विधवा, कानाने जरा कमी. तिने दार उघडलं आणि तिचा चेहरा उजळला.

"अरे, कोलमन! ये ये. परत छप्पर का?"

"नाही, विनी."

"नाही कसं? आत ये आधी. चहा टाकतेच आहे. फर्गलही येईल एवढ्यात."

चुलीवरच्या पातेल्यावर एक बशी गरम राहायला ठेवली होती, बशीत डुकराचं खारं मटण आणि कोबी, वर दुसरी बशी उपडी. कोलमन बसला. विनीने सोडा घातलेला पाव कापला, लोणी लावलं, त्याच्यापुढे सरकवलं आणि बोलत सुटली.

"परवा टीव्हीवर जुन्या भागात बघितलं तुला. त्या बिचाऱ्या मास्तरणीला सांगितलंस ना, तिच्या भावाचं? रडले रे मी. फर्गल मला हसतो. म्हणतो, आई, तो आपला कोलमन आहे, त्याला साधी होडी वल्हवता येत नाही, त्याचं काय एवढं मनावर घेतेस!"

कोलमनने तोंड उघडलं. इतकी वर्षं जे वाक्य त्याला झोपेतही आलं असतं ते तोंडात नव्हतं. त्याने पावाचा तुकडा खाल्ला. विनीने आणखी एक कापला. तोही त्याने खाल्ला. तिसरा कापायला तिने सुरी उचलली तेव्हा तो म्हणाला, "विनी, फर्गल बुडाला."

आवाज त्याचा त्यालाच ओळखू आला नाही. बारीक, चिरका, पोराटोराचा. टोपी काढायचीही राहून गेली होती.

"कोण फर्गल?" विनीने विचारलं.

"आपला."

विनीने सुरी खाली ठेवली. उठली, पातेल्यावरच्या बशीवरची बशी उचलून पाहिली, पुन्हा झाकली.

"टीव्हीवर तू असं नाही सांगत," ती म्हणाली.

"नाही."

"तिथे नीट सांगतोस."

"हो, विनी."

कोलमन उठला. उठला तो सवयीनेच. सांगून झालं की त्याचे पाय आपोआप दाराकडे वळायचे. कडीवर हात गेला आणि मागून एक आवाज आला. डब्लिनच्या नाटकवाल्या बाया काढायच्या तसला तो नव्हता. अगदी लहान होता, आणि थांबत नव्हता. कोलमनला पुढे काय करायचं ते माहीत नव्हतं. ते त्याने कधी पाहिलंच नव्हतं. तो परत फिरला, खुर्ची तिच्या खुर्चीला लावून बसला आणि तिचा हात धरला. बाहेर हॅल्पिन बराच वेळ कुंपण बघत राहिला आणि मग शेजाऱ्यांना बोलवायला गेला.

माती होईपर्यंत कोलमन त्या घरातून हलला नाही. त्याने शेजारपाजारच्या खुर्च्या वाहून आणल्या, पावांना लोणी लावलं, फर्गलला घरी आणून निजवलं तेव्हा रात्रभर बसणाऱ्यांत तोही बसला. अट्रॅक्टा परतली तेव्हा तो विनीचा फुलाफुलांचा एप्रन बांधून कप विसळत होता.

"इथे काय करतोयस तू?"

"निघताच येईना," कोलमन म्हणाला.

अट्रॅक्टाने बाह्या सारल्या आणि पुसायचं फडकं उचललं.

शरद लागला आणि तो डब्लिनला परतला. नवीन नाटकात काम ठरलेलंच होतं. पहिल्या अंकात पोलिस दारात येतो, टोपी काढतो, सांगतो. तालमीत कोलमनने सांगितलं आणि तिथेच उभा राहिला. आईचं काम करणाऱ्या मिस प्रेंडव्हिल हुंदका अर्धवट सोडून त्याच्याकडे बघू लागल्या.

"कोलमन," दिग्दर्शक थॅकाबेरी खालून म्हणाला, "इथे 'पोलिस जातो' असं लिहिलंय."

"कुठे जातो?"

"मला काय माहीत कुठे जातो! नाटककार वारला."

"त्याच्या बायकोला सांगायला कोण गेलं होतं?"

थॅकाबेरीने चष्मा काढला. दोन दिवस वाद झाला. मिस प्रेंडव्हिल म्हणाल्या, त्यांच्या रडण्यात कोणीतरी तिसरा उभा असला तर त्यांना लय सापडत नाही. कोलमन म्हणाला, मग मी पाठ करून उभा राहतो. शेवटी तडजोड झाली. पोलिस सांगतो, चुलीपाशी जातो, आणि अंक संपेपर्यंत प्रेक्षकांकडे पाठ करून आगीत जळणाची ढेकळं सरकवत राहतो. एका वर्तमानपत्राने मिस प्रेंडव्हिलची तोंडभरून स्तुती केली. दुसऱ्याने लिहिलं, की पोलिसाचं काम करणारे वयस्क नट बाहेर जायला विसरले असावेत.

नोव्हेंबरात एका शनिवारी दुपारच्या खेळाला किलनाऱ्याच्या बायका बस करून आल्या. विनी त्यांच्यात आहे हे कोलमनला माहीत नव्हतं. खेळानंतर ती मागच्या खोलीत आली तेव्हा त्याच्या हातातून बूट सुटला.

"विनी! मला कळवायचंस तरी. मी तुला येऊ दिलं नसतं."

"म्हणूनच नाही कळवलं." चांगला कोट घालून ती खुर्चीवर बसली. "तो पोस्टमन छान होता. दारू प्यायलेला. हसले मी."

"आणि बाकीचं?"

"त्या बाई हात फार हलवतात. तेव्हा कुठे असतो एवढा जोर अंगात." तिने थोडा विचार केला. "तुझी पाठ बरी वाटली."

कोलमनला आयुष्यात कोणी असं म्हटलं नव्हतं. त्याने दुसरा बूट चढवला. बसला वेळ होता. तो तिला नदीपलीकडच्या एका चहाच्या दुकानात घेऊन गेला. विनीने साईचा बन मागवला आणि काट्याने अगदी सावकाश खाल्ला.

"फर्गलला नसतं आवडलं हे नाटक," ती म्हणाली. "झोपला असता."

"पहिल्या अंकातच," कोलमन म्हणाला.

"घोरला असता रे," विनी म्हणाली, आणि हसता हसता तिला डोळे पुसावे लागले. कोलमनने तिच्या कपात आणखी चहा ओतला.