अठ्ठावन्न ग्रॅमची तूट

माणूस सुसंस्कृत झाला तो आगीमुळे नव्हे, चाकामुळे नव्हे आणि लिपीमुळे तर नव्हेच. ज्या दिवशी तो मळलेल्या पिठाशेजारी, ते फुगेपर्यंत, हात न लावता बसून राहिला, त्या दिवशी तो सुसंस्कृत झाला. रविवारी सकाळी आठ वाजता, पिठानं माखलेले हात वर धरून, मी हे स्वयंपाकघरात जाहीर केलं.

"कोपर दुधात जातंय," बायको म्हणाली. "आणि ओव्हन पुसून ठेवा. धाकटी पाचला न्यायला येतेय."

हा ओव्हन मी निवृत्त झालो त्याच आठवड्यात आणला. तेहेतीस वर्षं वजनमापे निरीक्षक म्हणून दुकानदारांचे तराजू तपासल्यावर आपणही काहीतरी घडवावं असं वाटलं. आतापर्यंत अक्रोडाचे दोन ब्रेड घडवले. पहिला सध्या मागचं दार वाऱ्यानं आपटू नये म्हणून लावलेला आहे आणि ते काम तो चोख करतो. दुसऱ्यावर सुरीचं पातं वाकलं, तेव्हा बायकोनं फोनवरच ओव्हन आपल्या धाकट्या बहिणीला देऊन टाकला. मी अपील केलं. निकाल असा लागला की तिसरा ब्रेड रविवारी पाच वाजेपर्यंत माणसाला खाता आला, तर ओव्हन राहील.

"माणसाला म्हणजे तुम्हाला सोडून," हे पोटकलम तिनं मागाहून जोडलं.

त्यामुळे या खेपेला मी काहीही दैवावर सोडलं नव्हतं. ऑफिसनं निरोपाला दिलेला डिजिटल काटा काढला. पीठ पाचशे ग्रॅम, कोमट दूध तीनशे, यीस्ट सात, मीठ नऊ. अक्रोड दीडशे, ते वाटीत काढून वर ताटली झाकली. गोळा मळून पातेल्यात ठेवला, ओलं फडकं घातलं आणि घड्याळ लावलं. पुस्तकात एक तास लिहिला होता.

विसाव्या मिनिटाला सासूबाई आल्या. वय शहाऐंशी, चाल मांजरीची. त्यांनी फडकं उचललं.

"उठलं का हो, जावईबापू?"

"आई, वारं लागतं त्याला. झाका."

त्यांनी झाकलं. मग बायकोनं उचललं. "होतं तेवढंच आहे," असं म्हणून ती कपडे वाळत घालायला गेली. शेवटी मी हुकूम काढला की माझ्याखेरीज कुणीही फडक्याला हात लावायचा नाही, आणि दर दहा मिनिटांनी पट्टी घेऊन स्वतः उंची मोजू लागलो. पाच सेंटिमीटर. पाच सेंटिमीटर. एकदा साडेचार.

साडेनऊला मी पातेलं खिडकीत नेलं. तिथून फ्रिजवर. तिथून इस्त्रीच्या टेबलावर.

"त्याला घर दाखवताय का?" बायकोनं विचारलं.

"ऊब लागते, ऊब! या घरात एक जागा धड उबदार नाही."

"इकडे आणा," उन्हात आरामखुर्चीवर बसलेल्या सासूबाई म्हणाल्या. त्यांनी पातेलं मांडीवर घेतलं, वरून शाल लपेटली, दोन्ही हातांनी कवळलं. "तान्हं पोर असं सारखं उघडून बघतात होय?" एवढं बोलून त्या पाच मिनिटांत घोरू लागल्या.

अकरा वाजले. मी खाकरलो. साडेअकराला एक चमचा पडू दिला. बाराला मोठा डाव. बायको दारात येऊन उभी राहिली.

"आईची झोप मोडलीत तर ओव्हनबरोबर तुम्हालाही धाडीन."

मी पायमोज्यांवर, हातात पट्टी घेऊन, आरामखुर्ची ते स्वयंपाकघर अशा येरझाऱ्या घालत राहिलो. सकाळच्या माझ्या वाक्यातला तो शांत बसलेला सुसंस्कृत माणूस तेव्हा समोर आला असता, तर मी त्याला त्याच पट्टीनं हाणलं असतं.

एकच्या सुमारास सासूबाईंनी डोळे उघडले. "ओझं झालंय हो मांडीला." शाल पोटापासून वर उचलली गेली होती. खाली पीठ पातेल्याबाहेर डोकावत होतं. ते मोजायला पट्टी आडवी धरावी लागली.

आता फक्त अक्रोड मिसळायचे. सवयीनं वाटी पुन्हा काट्यावर ठेवली. ब्याण्णव ग्रॅम.

मी काटा शून्यावर आणून पुन्हा वजन केलं. ब्याण्णव. अठ्ठावन्न ग्रॅमची तूट, आणि तीही माझ्या स्वतःच्या घरात. मी दोघींना टेबलापाशी बोलावलं.

"कोणी घेतले असतील तर आत्ताच सांगा. नंतर कारवाई होईल."

सासूबाईंनी कवळी काढून टेबलावर, माझ्यासमोर ठेवली. त्या निर्दोष सुटल्या. मी बायकोकडे पाहिलं.

"सकाळपासून तुम्ही चौदा वेळा वाटी उघडलीत," ती म्हणाली. "मी कपडे वाळत घालता घालता मोजत होते."

"नमुना घ्यावा लागतो. खवट निघाले असते म्हणजे?"

"निघाले?"

"नाही."

"चौदावासुद्धा नाही?"

चौकशी तिथेच आवरती घेतली. बायको स्टुलावर चढली आणि वरच्या फळीवरून 'रेचक चूर्ण' अशी चिठ्ठी लावलेला डबा काढला. तो डबा मी कधीही उघडला नव्हता. आत बदाम होते. तिनं ते सुरीनं कापले आणि अक्रोडांबरोबर पिठावर टाकले.

"थांब! किती ग्रॅम?"

"मूठ."

"कोणाची?"

"माझी."

मी डोळे मिटून पीठ मळलं. गोळा पुन्हा दोन तास फुगायला ठेवला, तोही आरामखुर्चीत. साडेचारला ब्रेड बाहेर आला तेव्हा खमंग वासानं जिन्यातले लोक उगाचच आमच्या दाराशी रेंगाळून जात होते. पाचला धाकटी आली. खांद्यावर भलीमोठी पिशवी, हातात ओव्हन बांधायची दोरी.

मी सुरी फिरवली. पातं वाकलं नाही. धाकटीनं एक काप खाल्ला. दुसरा उचलला. मी ओव्हनला पाठ लावून उभा होतो. सासूबाईंनी कवळी बसवली, सावकाश चावलं आणि म्हणाल्या, "मऊ आहे. माझ्याकडेच वाढलाय तो."

"ताई, प्रमाण काय गं?" तिसरा काप घेत धाकटीनं विचारलं.

मी तोंड उघडलं. "आईची मांडी आणि माझी मूठ," बायको म्हणाली, आणि तिनंही एक काप घेतला. मग माझ्याकडे न बघता ओव्हनची काढून ठेवलेली वायर पुन्हा भिंतीत खोचली.

धाकटीनं दोरी गुंडाळली. माणूस सुसंस्कृत कसा झाला हे तिला सांगण्याची हीच वेळ होती. मी घसा साफ केला.

"ओव्हन राहू दे, भावोजी," ती म्हणाली. "पण डॉक्टरांनी आमच्या ह्यांना मोजून जेवायला सांगितलंय. तो काटा तेवढा देता का?"