सातव्याचा सदरा

कारकुनाने पुडक्याची लाख फोडली आणि आतला सदरा टेबलावर पसरला. साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभ्या असलेल्या लाँड्रीवाल्या बाईने सवयीने आधी कॉलर पाहिली, मग डाग.

सकाळपासून सगळं पाठ केल्यासारखं चाललं होतं. पाठच केलं होतं म्हणा. चौकात तिच्या नवऱ्याला सुरा मारला तो एकाच माणसाने. तिने ते माडीवरून डोळ्यांनी पाहिलं होतं, आणि तो माणूस आज आरोपींच्या बाकावर पहिल्या नंबरवर बसला होता. पण ठाण्यातल्या साहेबांनी नऊ फोटो पुढ्यात मांडले होते.

"ताई, एकट्याचं नाव घेतलंत तर तो सुटेल. जमाव म्हणा. जमावातला प्रत्येक जण खुनी, कायदाच तसा आहे."

तेव्हा तिच्या अंगाची नुसती लाही लाही होत होती. नऊ काय, नव्वद फोटो ठेवले असते तरी तिने सही ठोकली असती.

"त्या वेळी सातव्या आरोपीच्या अंगात हाच सदरा होता ना?" सरकारी वकिलांनी विचारलं.

सातवा म्हणजे गल्लीच्या तोंडाशी बसणारा पंक्चरवाला. आरोपींचे वकील ताडकन उठले. लाखेवर शिक्का नाही, पंचांच्या सह्या जप्तीच्या आदल्या दिवशीच्या. दोघांची चांगलीच जुंपली. सदऱ्याकडे मात्र कुणीच बघत नव्हतं.

ती बघत होती. छाती कोरी, बाह्या कोऱ्या. सगळं रक्त उजव्या खांद्यावर, आणि तिथून पाठीवर थेट खालपर्यंत ओघळलेलं. पोर खांद्यावर टाकून हिंडणाऱ्या बापाचे सदरे तिने काय थोडे धुतले होते? खांद्यावर कुणाला उचलून नेलं की डाग असाच पडतो.

नवऱ्याला दवाखान्याच्या दारात कुणी आणून सोडलं, हे तिला दोन वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं. त्या माणसाचे पाय धरायचेत, असं ती आल्यागेल्याला सांगायची.

"तुम्ही बोलला का नाहीत हो?" तिने थेट पंक्चरवाल्यालाच विचारलं.

"आरोपीशी बोलायचं नाही!" न्यायाधीश कडाडले.

पण तो बोलून गेला होता. "सांगितलं होतं, वहिनी. त्यांनी लिहूनच घेतलं नाही."

सरकारी वकील घाईघाईने पिंजऱ्याजवळ आले आणि पुटपुटले, "बाई, तुम्ही शब्द फिरवलात तर पहिलाही हातचा जाईल. नुसतं हो म्हणा."

तिने पहिल्याकडे पाहिलं. नवरा पडला तेव्हा सुरा पुसत चालत गेला होता तो. पळालासुद्धा नव्हता. तिचे दात एकमेकांवर घट्ट बसले. मग तिने दोन्ही हातांनी कठडा धरला.

"साहेब, मी सुरा मारताना एकालाच पाहिलं. बाकीचे आठ मला ठाण्यात दाखवले."

टाइप करणाऱ्याने न्यायाधीशांकडे पाहिलं. त्यांनी मान हलवली, तशी त्याची बोटं चालू लागली.

पहिला आरोपी पाय लांब करून बाकावर आरामात रेलला.