सांजवणातला मुका ऋतू

रंजिताच्या देशात वर्षाला सातच महिने होते. देश म्हणजे तिनं मोबाइलवर लिहिलेल्या गोष्टीतला, सांजवण नावाचा. तिथं बैल उडायचे, नद्या रुसून बसायच्या आणि राणीला सावली नव्हती. आठवडाभर रंजिता दारव्ह्याला कपड्याच्या दुकानात बिलं करायची आणि रविवारी बोरी अरबजवळच्या तांड्यावर आली, की पाय पसरून या देशाचा कारभार बघायची. गोष्ट वाचणारेही बरेच झाले होते. तिची आई बिजलीबाई आधी टोमणे मारायची, "घरचा कारभार पाह्य एखाद्या दिवशी." पण पोरगी वाचून दाखवायला लागली, की तुरी पाखडता पाखडता आईचेच हात सुपात थांबायचे.

त्या रविवारी दुपारी सांजवणाच्या कॅलेंडरचं प्रकरण निघालं. तिथं वर्ष सुरू व्हायचं ते बाहेरगावी गेलेल्या गाड्या परत आल्या की. पहिला महिना आंबेसर, मग नांगरट, मग झड, असं करत करत शेवटचा दिवेलागण. दिवे विझले की गाड्या पुन्हा निघून जायच्या आणि मुका ऋतू लागायचा. त्याला ना महिने ना वार. बैलांच्या घंटांमध्ये चिंध्या कोंबायच्या आणि दिवस मोजणाऱ्या म्हाताऱ्यानं घरी जाऊन झोपायचं. मुक्या ऋतूत कुणाचं वयसुद्धा वाढत नाही.

हे कुठून आलं ते बिजलीबाईला कुणी सांगायला नको होतं. दिवाळी झाली की ती आणि पूनमसिंग ट्रकमध्ये बसून ऊसतोडीला जायचे, ते आंबे लागल्यावर परतायचे. पोरं आजीजवळ, रामीबाईजवळ राहायची. ट्रक वळेपर्यंत रंजिता रस्त्यात उभी असायची, धाकट्या इंद्रजीतला कमरेवर घेऊन. पोरीनं सगळं तसंच्या तसं मांडलं होतं, फक्त ट्रकच्या जागी बैलगाड्या केल्या होत्या.

"म्हंजे तुह्या देशात तू केवढी?" बिजलीबाईनं उगाच हसत विचारलं.

"असन बारा-तेराची. नवरा पाह्याची घाई करू नको, याडी." तांड्यावर आईला याडी म्हणतात.

दोघी हसल्या. मग रंजिता वाचकांनी काय काय लिहिलंय ते वाचायला लागली. कुणाला उडते बैल आवडले होते, कुणाला राणीचं लग्न लावायची घाई होती. वणीच्या एका शहाण्यानं विचारलं होतं, मुक्या ऋतूत कोणी मेलं तर त्याची तारीख कोणती धरायची?

"मंग?" बिजलीबाई म्हणाली.

"देल्लं उत्तर. मुक्या ऋतूत कोणी मरतच नाही."

एवढं बोलून रंजितानं बोटानं पुढचं काढलंही. बिजलीबाईनं मात्र सूप मांडीवरून खाली ठेवलं. इंद्रजीत गेला तो उसाच्याच दिवसांत. साधा ताप म्हणता म्हणता पोरगं गेलं. टोळीच्या मुकादमाला फोन आला, आणि हे दोघं तांड्यावर पोचले तेव्हा माती होऊन गेली होती. त्यानंतर या घरात त्याचा दिवस कधी पाळला नाही, नावही कुणी घेतलं नाही. पोरगी आपल्यावर रागावली आहे असंच बिजलीबाई धरून चालली होती, आणि तो राग तिनं मुकाट्यानं पदरात घेतला होता. पण एक प्रश्न तेव्हापासून तिच्या मनात अडकला होता. रामीबाईला विचारीन विचारीन म्हणता म्हणता रामीबाईही गेली. आता उत्तर ठाऊक असलेली एकच व्यक्ती उरली होती, आणि ती समोर बसून उडत्या बैलांच्या गोष्टी सांगत होती.

"तो मेला, रंजिता."

रंजिताचं बोट थांबलं.

"तुह्या देशात नसन मेला. पण मी तं इथंच राह्यतो ना वं. माह्याजवळ त्याचं काहीच नाही. त्याचा तो एक दिवस तं सांग मले."

"कायले? आता सांगून काय होते?"

"त्यानं मले आवाज देल्ला होता काय?"

विचारून झालं आणि बिजलीबाईला वाटलं, जीभ झडली असती तर बरं. हो म्हणाली तर आपण तिथं नव्हतो, आणि नाही म्हणाली तर लेकरू आपल्याला विसरूनच गेलं. दोन्हीकडून मरणच.

"इतक्या वर्षानं विचारून राह्यली?" रंजिताचा आवाज चढला.

"भेव वाटे."

रंजितानं मोबाइल पालथा ठेवला. 

"देल्ला," ती म्हणाली. "दिवसभर तेच. याडी, याडी. आजी ऑटो पाह्याले गेलती. मी एकटीच होती त्याच्याजवळ. डोये उघडेच होते, पण दिसत नव्हतं त्याले काही. माहा हात धरला अन् म्हने, याडी, आली तू?"

"मंग?"

"म्या म्हटलं, आली."

बिजलीबाईनं पदर तोंडात कोंबला.

"मंग उगा झाला तो. पुन्हा बोललाच नाही. खोटं बोलली मी त्याच्याशी, याडी. माह्या खोट्यावर गेला तो. म्हून तो दिवसच नाही ठेवला म्या. कोणत्याच महिन्यात नाही."

बिजलीबाई रडली. अंगणातली कोंबडी बिचकून पळाली इतकी मोठ्यानं रडली. ती फडात ऊस तोडत होती तेव्हा तिच्या नावानं एका दहा वर्षांच्या पोरीनं ओ दिली होती, आणि तिचं लेकरू आई आली या समाधानात गेलं होतं. दुःख तर होतंच, पण त्याच्या बाजूला आज पहिल्यांदा जरा जागा झाली. तिनं सूप सरकवलं आणि पोरीला जवळ ओढलं.

"बरं केलं माय. खोटं नाही ते. बरं केलं."

रंजिता आईच्या खांद्याला कपाळ टेकून बसली होती, ताठ, रडत नव्हती. तिच्या पाठीवरून हात फिरवता फिरवता बिजलीबाई मध्येच थांबली.

"अन् तू वं? तू कोणाले आवाज देल्ला त्या दिवशी?"

इतक्या वर्षांत हे विचारायचं तिला सुचलंच नव्हतं. रंजितानं आईचा पदर दोन्ही मुठींत धरला, आणि तिचं ताठ अंग सैल पडलं.